आभाळाच्या पेटीतून कोणी किती उचललं

(संघाच्या वार्षिक सर्वसाधारण सभेत झालेल्या भाषणाचा मजकूर. बोलण्याची भाषा शक्यतो तशीच ठेवली आहे.)



मला विषय दिलाय, 'हवामान बदलाच्या आंतरराष्ट्रीय वाटाघाटींचा इतिहास'. पत्रिकेवर हे नाव वाचून निम्म्या जणी चहाच्या सुट्टीकडे डोळे लावून बसल्या असतील, ते मला इथून दिसतंय. पण नावाला घाबरू नका. हा विषय खरं म्हणजे पैशाचा आहे. उचल कोणी घेतली, हप्ता कोणी भरायचा, थकबाकी कोणाकडे आणि ती वसूल कशी करायची, एवढाच. आणि त्यातलं तुम्हाला जेवढं कळतं तेवढं मोठमोठ्या साहेबांना कळत नाही.

सुरुवात १९७२ पासून करते, कारण ते साल आपल्याकडे कोणाला समजावून सांगावं लागत नाही. बहात्तरचा दुष्काळ. तुमच्या सासवा, आज्या खडी फोडायला गेल्या, पाझर तलावाच्या, नालाबंडिंगच्या कामावर गेल्या. सुकडी खाल्ली, परदेशातून आलेली लाल मिलो खाल्ली. त्याच दुष्काळात महाराष्ट्राची रोजगार हमी योजना उभी राहिली, आणि तिच्या मागून कितीतरी वर्षांनी सगळ्या देशाचा रोजगार हमीचा कायदा आला. म्हणजे दुष्काळानं आपल्याला नुसतं रडवलं नाही, काही शिकवलं पण.

तर त्याच १९७२ च्या जून महिन्यात तिकडे स्वीडन देशात, स्टॉकहोम नावाच्या शहरात, सगळ्या जगाची पर्यावरणावर पहिली मोठी परिषद भरली. यजमान देशाचे पंतप्रधान तिथे होतेच. ते सोडले तर बाहेरच्या देशाचा एकच सरकारप्रमुख त्या परिषदेला गेला होता, आणि ती बाई होती. आपल्या पंतप्रधान इंदिरा गांधी. त्यांच्या बोलण्याचा सारांश असा होता की गरिबी आणि गरज बाजूला ठेवून पर्यावरणाचं बोलता येणार नाही. ज्याच्या चुलीवर भाकरी नाही त्याला झाड तोडू नको म्हणून सांगायचं, तर आधी त्याच्या भाकरीचं बघा. इकडे आपल्या बाया मिलोची भाकरी थापत होत्या आणि तिकडे हे बोलणं चाललं होतं. गरीब देशांचं म्हणणं तेव्हापासून आजपर्यंत साधारण तेच आहे.

आता थोडं विज्ञान, लांबवत नाही. कोळसा, पेट्रोल, डिझेल जाळलं की जो धूर होतो त्यातला कार्बन डायऑक्साइड वायू आभाळात जाऊन बसतो. तो वर्ष-दोन वर्षांत जात नाही, त्यातला बराचसा शेकडो वर्षं राहतो. गोधडीवर गोधडी टाकत गेल्यासारखं. पृथ्वीच्या अंगावर अशा गोधड्या चढत गेल्या आणि तिला उकडायला लागलं. समुद्र तापला, वाफ जास्त झाली, पाऊस पडायचा त्याचा ताळतंत्र गेला. २०१२-१३ ला आपल्या जिल्ह्यात मोसंबीच्या बागा उभ्या वाळल्या. लोकांनी पोटच्या पोरासारखी वाढवलेली झाडं कुऱ्हाडीनं तोडली. २०१४ ला ऐन सुगीत, फेब्रुवारी-मार्चमध्ये, गारा पडल्या. आणि परवाच्या २०२५ च्या सप्टेंबरात मराठवाड्यात असा पाऊस झाला की सोयाबीन तर गेलंच, कुठे कुठे खालची माती पण खरवडून गेली. यातली प्रत्येक गोष्ट फक्त त्या धुरामुळेच झाली असं कोणी शास्त्रज्ञ म्हणणार नाही. दुष्काळ आपल्याकडे आधीपण होते. पण असे टोकाचे प्रसंग वाढत जाणार, हे ते फार वर्षांपासून सांगत आलेत. १९८८ साली संयुक्त राष्ट्रांनी शास्त्रज्ञांचं एक मंडळ नेमलं, आयपीसीसी म्हणतात त्याला. त्यांचे अहवाल काही वर्षांनी येत राहतात आणि प्रत्येक अहवाल आधीच्यापेक्षा जास्त काळजीचा असतो.

आता मुद्द्याचं. आभाळ ही सगळ्या जगाची सामाईक पेटी समजा. तिच्यात धूर मावायची जागा ठरावीक आहे. आता त्या पेटीतून कोणी किती उचललं? अमेरिकेनं एकटीनं आजवरच्या एकूण धुरातला साधारण चौथा हिस्सा सोडलाय. युरोपातल्या देशांचं पण तसंच, दीड-दोनशे वर्षं कारखाने चालवले, रेल्वे चालवल्या, त्या कोळशावर श्रीमंत झाले. भारतात जगातली सहातली एक व्यक्ती राहते, पण आजवरच्या एकूण धुरात भारताचा वाटा शंभरात तीन-चारच्या आसपास. म्हणजे गटात दहा-पंधरा जणी आहेत, दोघी-तिघींनी आधीच मोठी मोठी उचल घेऊन घरं बांधली, आणि तुमची पाळी आली तेव्हा सचिव म्हणतेय, पेटी रिकामी झाली, आता सगळ्यांनीच काटकसर करायची. तुम्ही ऐकून घ्याल का?

१९९० साली तसंच झालं. अमेरिकेतल्या एका संस्थेनं हिशेब मांडला आणि सांगितलं की जगातले सगळ्यात जास्त वायू सोडणारे जे देश आहेत त्यात भारताचं नाव वरच्या रांगेत आहे. कसं काय? तर त्यांनी आपल्या भाताच्या शेतातून आणि गाई-म्हशींच्या पोटातून निघणारा मिथेन वायू पण धरला होता. त्यावर दिल्लीच्या अनिल अगरवाल आणि सुनीता नारायण या दोघांनी १९९१ मध्ये एक छोटं पुस्तक लिहून उत्तर दिलं. त्यांनी विचारलं की दोन वेळच्या जेवणासाठी भात लावणाऱ्याचा आणि दुधासाठी एक म्हैस ठेवणाऱ्याचा वायू, अन् घरात तीन-तीन मोटारी उडवणाऱ्याचा वायू, हे एका तराजूत कसे तोलता? एक जगण्यासाठीचा आहे, एक चैनीचा आहे. मला हे फार आवडतं, कारण आपण गटात कर्जाचे अर्ज वाचतो तेव्हा नेमकं हेच करतो. दवाखान्याचं कर्ज वेगळं आणि लग्नातल्या बँडबाजाचं कर्ज वेगळं. दोन्ही रकमा सारख्या असल्या तरी.

याच वादात १९९२ साल उजाडलं. ब्राझीलमधल्या रिओ शहरात जगभरचे नेते जमले आणि पहिला करार झाला. त्यात आपल्या कामाचं एक तत्त्व लिहिलं गेलं. जबाबदारी सगळ्यांची, पण सगळ्यांची सारखी नाही. ज्यांनी आधी जास्त धूर केला आणि ज्यांची ऐपत जास्त, त्यांनी आधी पाऊल टाकायचं. भारतानं तिथेच सही केली. १९९४ च्या मार्चमध्ये तो करार लागू झाला आणि १९९५ पासून दरवर्षी त्याची बैठक भरायला लागली. कोविडचं एक वर्ष सोडलं तर ती चुकलेली नाही. आपल्यातल्या काही गटांची बैठक पण इतकी नियमित नसते, पण ते असो.

रिओत तत्त्व ठरलं, आकडा ठरला नव्हता. तो १९९७ ला जपानमधल्या क्योटो शहरात ठरला. श्रीमंत देशांनी मिळून १९९० च्या मानानं शंभराला पाच इतका धूर २००८ ते २०१२ या काळात कमी करायचा. गरीब देशांना सक्ती नाही. म्हणजे मोठ्या कर्जदारांना हप्ता बांधून दिला. पण सगळ्यात मोठा कर्जदार होता अमेरिका, आणि त्यांच्या वरच्या सभागृहानं क्योटोच्या आधीच ९५ विरुद्ध शून्य मतांनी ठराव करून ठेवला होता की गरीब देशांवर बंधन नसेल तर असला करार आम्हाला चालणार नाही. त्यांच्या प्रतिनिधीनं सही केली, पण घरच्यांनी ती मान्य केली नाही, आणि २००१ ला नव्या अध्यक्षांनी सरळ सांगितलं की आम्ही यात नाही. करार लागू व्हायला २००५ साल उजाडलं. मधे २००२ ला ही परिषद आपल्या दिल्लीतही झाली, तिथे फार मोठं काही ठरलं नाही.

मग २००९, डेन्मार्कमधलं कोपनहेगन. तिथे भांडणं इतकी झाली की करार झालाच नाही, पण पैशाचा एक शब्द मिळाला. श्रीमंत देश म्हणाले, २०२० पासून आम्ही गरीब देशांना दरवर्षी शंभर अब्ज डॉलर उभे करून देऊ. शंभर अब्ज म्हणजे दहा हजार कोटी डॉलर. रुपयांत नऊ लाख कोटींच्या आसपास. २०२० आलं, गेलं, रक्कम पुरी झाली नाही. श्रीमंत देशांच्या संघटनेच्या हिशेबानं ती २०२२ ला पूर्ण झाली. दोन वर्षं थकीत. आणि त्या हिशेबात काय काय धरलंय ते बघितलं, तर सरकारी पैशातला मोठा भाग हा कर्ज आहे. हे नीट ऐका, यावर मी परत येणार आहे.

आता पॅरिस. १२ डिसेंबर २०१५ ला पॅरिसचा करार झाला. आपल्या देशाच्या शिष्टमंडळाचे प्रमुख होते तेव्हाचे पर्यावरण मंत्री प्रकाश जावडेकर, आपल्या पुण्याचे. पॅरिसनं क्योटोची पद्धत उलटी केली. कोणाला हप्ता बांधून द्यायचा नाही. प्रत्येक देशानं स्वतःच लिहून द्यायचं की मी एवढं करीन, आणि दर पाच वर्षांनी तो आकडा वाढवायचा. पाळलं नाही तर दंड नाही. जगाची उष्णता दोन अंशांच्या बरीच खाली, जमलं तर दीड अंशावर थांबवायची, असं लिहिलं. आपल्या गटात अशी पद्धत असती, ज्याला जेवढं वाटेल तेवढं भरा, नाही भरलं तर काही नाही, तर गट सहा महिने टिकला नसता. पण माझं मत विचाराल तर, त्याशिवाय सगळ्यांना एका सतरंजीवर बसवता आलं नसतं. क्योटोत नियम कडक होता आणि मोठा कर्जदारच उठून गेला. पॅरिसमध्ये नियम ढिला आहे. तरीही अमेरिका तिथूनही एकदा गेली, २०२१ ला परत आली आणि २०२५ ला परत जातो म्हणाली. असली एखादी सभासद आपल्याला पण माहीत असते.

पॅरिसची एक गोष्ट सांगते, कारण ती आपल्या इतिवृत्ताच्या वहीशी जुळते. तिथे ठराव मतदानानं होत नाही. दोनशेच्या जवळपास देश, सगळ्यांची संमती लागते. एक देश आडवा बसला तरी गाडं अडतं. म्हणून एकेका शब्दावर रात्र-रात्र जाते. शेवटच्या दिवशी मसुदा वाटला, सगळे टाळ्या वाजवायला तयार, आणि अमेरिकेच्या लोकांना एका कलमात एक शब्द सापडला. श्रीमंत देश धूर कमी 'करतील' असं बंधनाचं लिहिलं होतं. त्यांना हवं होतं, 'करावा'. 'करतील' राहिलं तर त्यांच्या सभागृहापुढे न्यावं लागणार, आणि तिथे ते पडणार. दोन तास सगळं जग थांबलं. शेवटी छपाईतली चूक म्हणून तो शब्द दुरुस्त झाला आणि हातोडा पडला. २०२१ ला स्कॉटलंडमधल्या ग्लासगोत असाच एक शब्द भारतानं बदलायला लावला. कोळसा 'बंद करत जायचा' असं होतं, ते 'कमी करत जायचा' असं झालं. छोट्या बेटांचे देश चिडले, बैठकीच्या अध्यक्षांच्या डोळ्यांत पाणी आलं. आपल्या बाजूनं म्हणणं होतं की आमची वीज कोळशावर आहे, आणि तेल-गॅस जाळणाऱ्यांना सोडून फक्त कोळशाचंच नाव का? दोघांचंही खरं आहे. बेटं बुडतायत ते पण खरं आणि आपल्या मोटारीला रात्री दोनला येणारी लाईट कोळशाची आहे ते पण खरं.

पॅरिसच्या करारावर प्रत्यक्ष सह्या न्यूयॉर्कला झाल्या, २२ एप्रिल २०१६ ला. जावडेकर साहेबांनी भारताची सही केली. ही तारीख मी विसरत नाही, कारण त्याच्या दहाच दिवस आधी, १२ एप्रिलला, मिरजेहून पाण्याची रेल्वे लातूरला पोचली होती. आगगाडीनं पिण्याचं पाणी. एकीकडे कागदावर सही, दुसरीकडे आपल्याच मराठवाड्यातल्या बाया टँकरपुढे घागरी लावून रांगेत.

एक गोष्ट आपल्या बाजूची असून कडू आहे, तीही बोलली पाहिजे. भारत आता वर्षाकाठी धूर सोडण्यात जगात तिसरा आहे. माणशी बघितलं तर आपण साधारण दोन टन आणि अमेरिकेतला माणूस चौदा टनांच्या आसपास, म्हणून आपण कमी. पण ते दोन टन सगळ्यांचे सारखे आहेत का? मुंबईतल्या बंगल्यात आठ एसी चालतात, आपल्या जालन्याच्या एमआयडीसीत सळईच्या भट्ट्या रात्रंदिवस पेटलेल्या असतात, आणि बदनापूर-भोकरदनकडे निंदायला जाणारी बाई घरी येऊन काड्याकुड्यांवर स्वयंपाक करते कारण सिलेंडर भरायला पैसे नाहीत. हिशेबात तिघंही 'भारतीय'. जगाच्या बैठकीत आपण म्हणतो जबाबदारी सारखी नाही. मग तेच तत्त्व गावात आणि देशात पण लावायला नको का? हे मी तिथल्या कुठल्या ठरावात वाचलेलं नाही, माझं मत आहे.

आता नुकसानीचं. धूर कमी करायचा, हा एक भाग झाला. बदललेल्या हवामानात तग धरायचा, म्हणजे शेततळं, ठिबक, नवं बियाणं, हा दुसरा. पण जे वाहून गेलं त्याचं काय? त्याची भरपाई कोण देणार? छोटे बेटांचे देश हे नव्वदच्या दशकापासून विचारत होते. श्रीमंत देश 'भरपाई' हा शब्द ऐकायला तयार नव्हते, कारण भरपाई म्हटलं की गुन्हा कबूल केल्यासारखं होतं. २०२२ ला पाकिस्तानात भयंकर पूर आला, आणि त्याच वर्षी इजिप्तमधल्या परिषदेत शेवटी 'हानी आणि नुकसान' निधी काढायचं ठरलं. पुढच्या वर्षी दुबईत तो सुरू झाला. सगळ्या जगानं मिळून त्यात आतापर्यंत जी आश्वासनं दिली ती सत्तर-ऐंशी कोटी डॉलरची, म्हणजे साडेसहा-सात हजार कोटी रुपयांच्या आसपास. जमा झाले त्याहून कमी. आता दुसरा आकडा ऐका. २०२५ च्या पुरानंतर एकट्या महाराष्ट्र सरकारनं जे पॅकेज जाहीर केलं ते ३१ हजार ६२८ कोटींचं. एका राज्याचं, एका पावसाळ्याचं. यावरून जगाच्या पेटीत काय शिल्लक आहे ते समजा.

२०२४ ला अझरबैजान देशात बाकू शहरात पुढच्या काळाची रक्कम ठरली. गरीब देशांनी मागितले वर्षाला तेराशे अब्ज डॉलर. ठरले तीनशे अब्ज, तेही २०३५ पर्यंत. अध्यक्षांनी घाईनं हातोडा आपटला आणि लगेच आपल्या अर्थ मंत्रालयातल्या एक अधिकारी, चांदनी रैना, उठल्या आणि भर सभेत म्हणाल्या की आम्हाला हे मान्य नाही, बोलू न देता ठराव केलात. ठराव काही बदलला नाही, पण विरोध नोंदवला गेला. त्याच बाकूच्या परिषदेसाठी आधी जी आयोजन समिती जाहीर झाली होती, तिच्यात २८ जण होते आणि एकही बाई नव्हती. जगभरातून ओरड झाली तेव्हा बायकांची नावं घातली. हसू नका. आपल्या गावातल्या समित्यांची यादी काढा आणि मग हसा.

आता कर्जाकडे परत येते. आपल्या भागात 'पोकरा' सगळ्यांना माहीत आहे. नानाजी देशमुख कृषी संजीवनी प्रकल्प. २०१८ ला सुरू झाला, पहिल्या टप्प्यात १५ जिल्हे, पाच हजारांवर गावं, जालना त्यात आहे. शेततळी झाली, ठिबक झालं, शेडनेट झाले, भूमिहीन आणि विधवा बायांना शेळ्यांसाठी अनुदान मिळालं. याचा पैसा कुठून आला? जागतिक बँकेकडून ४२ कोटी डॉलर, आणि बाकी राज्य सरकारचे. ते ४२ कोटी डॉलर अनुदान नाही, कर्ज आहे. २४ वर्षांची मुदत, पहिली सहा वर्षं मुद्दल फेडायची सवलत. तुम्हाला शेततळ्याला जे मिळालं ते तुमच्यासाठी अनुदान, पण देशासाठी उचल. धूर त्यांचा, दुष्काळ आपला, आणि दुष्काळाला तोंड द्यायला कर्ज पण आपल्याच नावावर. आपले लोक परिषदेत जे भांडतात ते यासाठी, की असलं कर्ज 'आम्ही मदत दिली' म्हणून शंभर अब्जांच्या खात्यात लिहू नका. एखादीनं तुमचं शेत तुडवलं आणि नुकसानीपोटी दोन रुपये शेकड्यानं पैसे उसने देऊ केले, तर ती मदत म्हणायची का?

कोकणात थोडं वेगळं झालं. पॅरिसच्या आधी काढलेला एक 'हरित हवामान निधी' आहे, त्यातून २०१८ ला महाराष्ट्र, आंध्र आणि ओडिशाच्या किनाऱ्यासाठी चार कोटींवर डॉलर अनुदान मंजूर झालं. खारफुटीची झाडं लावायची, खेकडे पाळायचे, किनाऱ्यावरच्या लोकांचं पोट चालायचं. फेडायचं नाही. म्हणजे असा पैसा असतो, मिळतो. मराठवाड्याच्या कोरडवाहू बाईसाठी तो का मागू नये?

पैशाशिवाय काहीच होत नाही असं पण नाही. जालन्याजवळचं कडवंची तुम्हाला माहीत आहे, कित्येकींनी बघितलंय. नव्वदच्या दशकात इंडो-जर्मन पाणलोट कार्यक्रमात, खरपुडीच्या कृषी विज्ञान केंद्राच्या साथीनं तिथे बांधबंदिस्ती झाली, मग शेततळी, मग द्राक्षं. २०१२ च्या दुष्काळात आजूबाजूला टँकर फिरत होते आणि कडवंचीच्या बागा उभ्या होत्या. तेव्हा गावात हवामान बदलाचं नावही कोणी घेत नव्हतं. माथ्यापासून पायथ्यापर्यंत पाणी अडवा, एवढंच.

दुसरं उदाहरण जास्त जवळचं आहे, कारण ते बायांचं आहे. 'स्वयम् शिक्षण प्रयोग' ही संस्था मराठवाड्यात बऱ्याच वर्षांपासून काम करते. २०१२ नंतरच्या सततच्या दुष्काळात त्यांच्या गटांतल्या बायांनी घरच्यांकडे एक मागणी केली. सगळं शेत नको, अर्धा-एक एकर द्या, पण त्यात काय पेरायचं ते आम्ही ठरवू. त्यात त्यांनी कापूस-सोयाबीन लावलं नाही. ज्वारी, डाळी, भाजीपाला, घरात खाल्लं जाईल ते, थोड्या पाण्यावरचं, शेणखतावरचं, आणि एका रानात बऱ्याच जिनसा. पाऊस दगा देऊन एक पीक गेलं तरी दुसरं हाताला लागतं. २०१६ ला संयुक्त राष्ट्रांचा 'इक्वेटर' पुरस्कार या कामाला मिळाला, आणि तो मोरोक्को देशातल्या मराकेश शहरात, त्या वर्षीची हवामान परिषद चालू असताना दिला गेला. पॅरिसमध्ये मोठमोठे देश जे शब्द शोधत होते, त्यातलं थोडंफार मराठवाड्याच्या बायांनी एका एकरात करून दाखवलं होतं.

पण त्या एकराची मालकी कोणाची? इथे आपली गाडी अडते. अतिवृष्टीची मदत सातबाऱ्यावरच्या नावाला मिळते. ठिबकचं अनुदान सातबाऱ्यावरच्या नावाला. निंदणी, खुरपणी, वेचणी, सोंगणी आपली, पण पंचनाम्याला साहेब आले की विचारतात, मालक कुठंय? जगातून कितीही अब्ज आले आणि ते अनुदान असले तरी, शेवटी ते ज्या नावावर जमा होतात तिथे आपलं नाव नसेल तर आपल्यासाठी तीनशे अब्ज आणि तीन रुपये सारखेच. यावर उपाय नवा नाही. शेतकरी संघटनेच्या शरद जोशींनी 'लक्ष्मी मुक्ती'ची हाक दिली होती, आणि १९९२ साली, म्हणजे रिओच्याच वर्षी, सरकारनं परिपत्रक काढलं. नवऱ्याच्या हयातीतच, त्याच्या अर्जावरून, बायकोचं नाव सातबाऱ्याला सहहिस्सेदार म्हणून लावता येतं. अर्ज तलाठ्याकडे करायचा. गेली तीस वर्षं ही सोय आहे. या सभागृहात किती जणींचं नाव लागलंय, हात वर करा बरं.

(हात मोजले. एकशे बारा जणींपैकी नऊ.)

नऊ. बरं. पुढच्या वार्षिक सभेला याच सभागृहात परत मोजू. अध्यक्षताई, हे इतिवृत्तात लिहून घ्या.

मी इथे थांबते, चहा आलाय. प्रश्न असतील तर विचारा.

सभेत झालेले दोन प्रश्न:

"पोकराचं कर्ज मग आम्ही फेडायचं का?"

तुमच्या दारात वसुलीला कोणी येणार नाही. कर्ज सरकारनं घेतलंय, ते सरकारी तिजोरीतून फेडलं जातं. पण तिजोरीत पैसा कुठून येतो? तुम्ही साबण घेता, बिस्किटाचा पुडा घेता, मोबाईलचा रिचार्ज मारता, प्रत्येकात कर आहे. म्हणजे ज्या बाईला प्रकल्पातून एक रुपयाही मिळाला नाही, ती पण फेडणाऱ्यांत आहेच. म्हणून तर लाभार्थ्यांची यादी वाचायचा तुम्हाला हक्क आहे.

"आमच्या गावात कृषी संजीवनी समिती आहे म्हणतात, पण त्यात बाया कोण आहेत ते आम्हाला माहीत नाही."

समितीत महिलांना आणि बचत गटाच्या प्रतिनिधीला जागा आहे. समिती ग्रामसभेतून होते. कित्येक ठिकाणी सरपंचांच्या किंवा सदस्यांच्या घरातल्या बाईचं नाव टाकून मोकळे होतात, तिला पण माहीत नसतं. आधी यादी बघा. आणि एक लक्षात ठेवा, ग्रामसभेच्या आधी महिलांची वेगळी सभा घ्यायची, हे आपल्या ग्रामपंचायत कायद्यातच आहे. त्या सभेत जे ठरेल ते ग्रामसभेपुढे येतं. तुमच्या गावात मागची महिला सभा कोणत्या तारखेला झाली, किती जणी हजर होत्या, हे ग्रामसेवकांना विचारा आणि इतिवृत्ताची वही बघायला मागा. सह्या आपल्याच आहेत का, तेही बघा.